काळ वाकवणारी वाद्ये आणि मौनाचा हक्क

१

संगीताचा विचार करणाऱ्या तत्त्वचिंतकाला केव्हा ना केव्हा काळाच्या प्रश्नापाशी यावे लागते. आणि काळाचे स्वरूप उलगडू पाहणारा चिंतक उदाहरणासाठी बहुधा संगीताकडेच वळतो. संत ऑगस्टीनने 'कन्फेशन्स'च्या अकराव्या भागात काळाचे कोडे मांडताना पाठ असलेले स्तोत्र म्हणणाऱ्या माणसाचा दाखला घेतला. म्हणून झालेला भाग स्मृतीत जमा होत जातो, उरलेला भाग अपेक्षेत असतो, आणि स्तोत्र पुढे सरकते तशी अपेक्षा आटत जाऊन स्मृती वाढत जाते. बर्गसाँने १८८९ सालच्या आपल्या प्रबंधात अनुभवलेल्या काळाची अखंडता समजावून देण्यासाठी स्वरावलीचाच आधार घेतला. हुसर्लच्या १९०५ सालच्या, पुढे १९२८ मध्ये ग्रंथरूप झालेल्या व्याख्यानांतही ऐकू येऊन गेलेला स्वर आणि येऊ घातलेला स्वर यांच्यामधला ताण हाच कालजाणिवेच्या विश्लेषणाचा गाभा आहे.

या तिघांनी परिश्रमाने जे सिद्ध केले, त्याची एक खूण मराठी भाषेने एकाच शब्दात जपून ठेवली आहे. 'लय' म्हणजे गती, आणि 'लय' म्हणजे विलय. हे दोन अर्थ शेजारी नांदतात यात काही एक तथ्य आहे. पहिला स्वर लय पावल्याखेरीज दुसऱ्याला जागा होत नाही. स्वर नाहीसे होत राहतात म्हणूनच गाणे चालते. शार्ङ्गदेवाने तेराव्या शतकात देवगिरीच्या यादवांच्या आश्रयाने 'संगीतरत्नाकर' रचला, त्यात आहत आणि अनाहत असा नादाचा भेद येतो. आघातातून जन्मणारा आहत नाद कानांना ऐकू येतो, गाण्याच्या उपयोगी पडतो. जे जन्मते ते संपते, आणि संगीत या संपणाऱ्या नादाचेच असते.

मग न संपणाऱ्या गाण्याची इच्छा करणे म्हणजे नेमके काय? गेल्या दोनशे वर्षांतील युरोपीय आणि लॅटिन अमेरिकी कथासाहित्यात ही इच्छा काही कल्पित शोधकांच्या रूपाने पुन्हापुन्हा अवतरलेली दिसते. कोणी असे वाद्य घडवतो की ज्यामुळे मेलेली गायिका गात राहते. कोणी घड्याळात आपला प्राण ओततो. कोणी एक आठवडा अनंतकाळ चालू ठेवतो. या कथांकडे सामान्यतः मृत्यूवर मात करू पाहणाऱ्या मानवी उद्दामपणाच्या दृष्टांतकथा म्हणून पाहिले जाते. हे वाचन चूक नाही, पण अपुरे आहे. मृत्यूशी झगडणे हा मूलतः अपराध ठरत नाही. वैद्यही तेच करतो. या कथांतला खरा नैतिक प्रश्न वेगळा आहे. काळ वाकवण्यासाठी लागणारा काळ कोणाच्या आयुष्यातून घेतला, आणि तो देणाऱ्याला 'नाही' म्हणण्याची संधी होती काय, हा तो प्रश्न होय.

२

ज्यूल व्हर्न मराठी वाचकाला परिचित आहे तो मुख्यतः भा. रा. भागवतांच्या अनुवादांमुळे, बालकुमारांच्या साहसकथांचा लेखक म्हणून. १८९२ साली प्रसिद्ध झालेली त्याची 'कार्पेथियन पर्वतातील किल्ला' ही कादंबरी त्या प्रतिमेत सहजासहजी बसत नाही. ट्रान्सिल्व्हेनियातल्या वेर्स्ट या खेड्याजवळ एक ओसाड किल्ला आहे. त्याच्या बुरुजावरून धूर निघताना दिसतो आणि गाव भुताखेतांच्या भीतीने हबकते. कथेच्या मुळाशी मात्र भूत नसून गाणे आहे. नेपल्सच्या सान कार्लो नाट्यगृहातली ला स्तिला ही गायिका, तिचे गाणे ऐकण्यासाठी गावोगाव तिच्यामागे फिरणारा आणि जाळीआडच्या बैठकीतून ऐकणारा बॅरन द गोर्त्स, तिच्याशी लग्न ठरवणारा तरुण काउंट फ्रान्झ द तेलेक, आणि बॅरनच्या सावलीसारखा वावरणारा ऑर्फानिक ही त्यातली चार माणसे.

ऑर्फानिक हा शोधक. विद्वज्जगताने ज्याला वेड्यात काढले असा, एका डोळ्यावर काळी पट्टी बांधलेला, जगावर चिडलेला माणूस. त्याच्या नावात ऑर्फियसचा भास आहे, आणि अनाथपणाचाही. मृत युरिडिसला गाण्याच्या बळावर परत आणू निघालेल्या त्या पुराणपुरुषाशी त्याचे नाते उलटे आहे. ऑर्फियस स्वतः गातो. ऑर्फानिक दुसऱ्याचे गाणे काढून घेतो.

कथेतला निर्णायक क्षण स्तिलाच्या मृत्यूचा मानला जातो. प्रत्यक्षात तो त्याआधीचा आहे. स्तिला रंगभूमी सोडण्याचे ठरवते. हा निर्णय तिचा स्वतःचा आहे. बॅरनने आपल्यावर रोखलेली नजर तिला असह्य झालेली आहे आणि फ्रान्झशी ठरलेला विवाह तिला सुटकेचा मार्ग वाटतो. तिच्या आवाजावाचून आपण जगू शकणार नाही, या विचाराने बॅरन खचतो, आणि नेमक्या या वेळी ऑर्फानिक त्याला उपाय सुचवतो : निरोपाच्या प्रयोगांत ती जे गाईल ते यंत्राने गुपचूप टिपून घ्यावे. तेव्हा हे यंत्र मृत्यूवर उतारा म्हणून जन्माला आलेले नाही. ती अद्याप जिवंत आहे, तरुण आहे, गाऊ शकते आहे. तिने 'आता पुरे' म्हटले आहे, आणि यंत्र या 'पुरे'च्या विरोधात उभे राहिले आहे. एका स्त्रीच्या नकाराला वळसा घालण्यासाठी शोधलेली ती युक्ती आहे.

शेवटच्या प्रयोगात, अखेरचा प्रवेश गाताना, जाळीआडून पुढे आलेला बॅरनचा चेहरा स्तिलाला दिसतो आणि भयाने छातीतली रक्तवाहिनी फुटून ती कोसळते. पुढे किल्ल्यात फ्रान्झला ती दिसते, गाताना ऐकू येते. तिचे पूर्णाकृती चित्र, कललेल्या काचा आणि प्रखर प्रकाश यांतून तिची आकृती उभी केलेली असते. आवाज यंत्रातला असतो. ते गाणे सान कार्लोत जिथे थांबले होते तिथेच येऊन थांबते, आणि त्या रात्रीचीच किंकाळी पुन्हा ऐकू येते. म्हणजे बॅरन जे ऐकतो त्यात गाणे आहे आणि गायिकेचे मरणही आहे. ज्या भयाने ती मेली ते भय त्याच्याच चेहऱ्याने निर्माण केले होते. आपणच दिलेल्या मरणाचा आवाज तो मनाला येईल तेव्हा ऐकू शकतो, आणि त्याला त्यात सौंदर्य सापडते. व्हर्नच्या साऱ्या लेखनात याहून भेदक नैतिक प्रतिमा क्वचितच आढळेल.

३

'वाद्य' या शब्दाची घडण येथे उपयोगी पडते. वद् म्हणजे बोलणे. ज्याला बोलते करावयाचे ते वाद्य. वाजवणारा कर्ता असतो आणि वाद्य त्याच्या अधीन असते. वीणेच्या बाबतीत या अधीनतेने कोणावरही अन्याय होत नाही, कारण लाकूड आणि तार यांना स्वतःचे असे काही म्हणावयाचे नसते. ऑर्फानिकच्या किल्ल्यातले वाद्य कोणते, असा प्रश्न विचारला तर मात्र उत्तर अवघड होते. फोनोग्राफची पेटी हे नुसते साधन झाले. ज्याला बोलते केले जाते, जी दुसऱ्याच्या इच्छेने आणि दुसऱ्याच्या वेळी गाते, ती तर स्तिला. वाद्य झाली आहे ती गायिकाच.

जी गोष्ट या कादंबरीत सूचित आहे ती व्हर्नने पुढच्याच वर्षी, १८९३ मध्ये, नाताळच्या एका गोष्टीत थेट मांडली. काल्फरमाट या स्विस खेड्यातला जुना ऑर्गनवादक बहिरा होतो, आणि एफारान नावाचा कोणी अनोळखी ऑर्गन बनवणारा गावात येतो. चर्चमधले वाद्य तो दुरुस्त करतो, पण त्यात त्याला एक नवी सोय हवी आहे : बालकांच्या आवाजांची. गावातल्या मुलांचे आवाज तपासून तो एकेकाला एकेक स्वर नेमून देतो, आणि मुलांना नावाऐवजी स्वरावरून ओळखले जाऊ लागते. कथा सांगणारा मुलगा आणि त्याची सोबतीण यांचे स्वर अगदी लगतचे आहेत. त्यांच्यात फक्त एका श्रुतीएवढे सूक्ष्म अंतर आहे. नाताळच्या रात्री मुलांना ऑर्गनच्या नळ्यांमध्ये उभे केले जाते आणि एफारान पट्ट्यांवर बोटे ठेवतो. हे सारे मुलाचे स्वप्न होते, असे शेवटी कळते. पण स्वप्न म्हणून सुटका झाली तरी प्रतिमा सुटत नाही. प्रत्येक मुलाजवळ एकच स्वर उरतो, आणि तोही दुसऱ्याने कळ दाबली तरच उमटणारा. ज्याला एकच स्वर आहे त्याला गाणे नाही, आणि ज्याला गप्प राहण्याची मुभा नाही त्याला स्वरही स्वतःचा नाही.

येथे शोधकाच्या चरित्राविषयी एक गोष्ट लक्षात घ्यावयास हवी. एफारानला भूतकाळ नाही. तो कुठून तरी येतो. ऑर्फानिकचे चरित्र म्हणजे काही ओळींची नोंद आहे : घर नाही, आप्त नाहीत, कोणावर प्रेम नाही. याउलट व्हर्नच्याच १८५४ सालच्या 'मास्टर झाकारियस' या कथेतल्या जिनिव्हाच्या घड्याळजीला घर आहे, मुलगी आहे, हाताखाली शिकणारा तरुण आहे, गावात मानमरातब आहे. त्याचीही चूक लहान नाही. काळाचे नियमन आपल्या हातात आले, असा त्याचा समज होतो. आपला प्राण त्याने आपल्या घड्याळांत घातला आहे, आणि ती एकामागून एक बंद पडू लागतात तसा तो झिजत जातो. या अहंकारापायी तो मुलीचे आयुष्यही पणाला लावावयास निघतो. पण अखेर उरलेल्या घड्याळाची कमान तुटते तेव्हा मरतो तो स्वतः. त्याच्या शोधाची किंमत मुख्यतः त्याच्याच आयुष्यातून वसूल होते.

कथांच्या या रचनेतून एक संगती जाणवते. शोधकाला स्वतःचे आयुष्य जितके कमी, तितका तो दुसऱ्याच्या आयुष्यावर अधिक हात टाकतो. ज्याच्यापाशी घालवण्याजोगा स्वतःचा काळ आहे तो झाकारियस स्वतःला खर्ची घालतो. ज्याच्यापाशी तो नाही तो ऑर्फानिक दुसऱ्याचा काळ उचलतो. शिवाय ऑर्फानिक कशाचाच उपभोग घेत नाही. गाण्यात त्याला रस नाही, स्तिलाबद्दल आसक्ती नाही, सूडही त्याचा नाही. मागणी दुसऱ्याची होती, आपण फक्त यंत्र बनवले, ही त्याची भूमिका. म्हणूनच कदाचित या कथेत गायिका मरते, रसिक मरतो, प्रियकर भ्रमिष्ट होतो, आणि शोधक तेवढा सुखरूप उरतो. नंतर त्याच्याच तोंडून साऱ्याचा उलगडा होतो. कादंबरी त्याला शिक्षा करीत नाही, आणि या शिक्षा न होण्यातच तिचे सर्वांत अस्वस्थ करणारे विधान आहे. विसाव्या शतकाने हा अलिप्त तंत्रज्ञ कथेबाहेरही पुरेसा पाहिला.

४

ऑर्फानिकच्या शेजारी ई. टी. ए. हॉफमनचा क्रेस्पेल ठेवला की प्रश्नाची दुसरी बाजू उजेडात येते. १८१९ पासून 'सेरापियन बंधू' या संग्रहात वाचावयास मिळणारी ही कथा व्हर्नच्या पाऊणशे वर्षे आधीची. क्रेस्पेल हा विक्षिप्त कायदेपंडित व्हायोलिने बनवतो. प्रत्येक नवे वाद्य एकदाच वाजवतो आणि भिंतीवर टांगून ठेवतो. जुनी, मोलाची व्हायोलिने रचनेचे रहस्य शोधण्यासाठी उकलून टाकतो. त्याची मुलगी आंटोनी असामान्य गाते, आणि तो तिला गाऊ देत नाही. गाव त्याला जुलमी बाप समजते. निवेदकही तसेच समजतो. सत्य फार उशिरा कळते : तिच्या छातीतल्या ज्या दोषामुळे तिच्या आवाजाला ते अलौकिक तेज आले आहे, तोच दोष गायल्यास तिचा प्राण घेणार आहे.

एक जुने व्हायोलिन क्रेस्पेल उकलण्यासाठी हाती घेतो, पण आंटोनीच्या विनवणीवरून तसेच ठेवतो. तो ते वाजवू लागला की तिला त्यात आपलाच आवाज ऐकू येतो. गावेसे वाटले की ती त्याला ते वाजवावयास सांगते. हेही काळ वाकवणारेच वाद्य आहे. तिचे सरत आलेले आयुष्य ते लांबवते. परंतु ते तिचा आवाज काढून घेत नाही. तिच्याऐवजी स्वतः झिजते. आणि कळीची बाब ही, की ते केव्हा वाजावे हे ती सांगते. स्तिलाच्या बाबतीत ऐकणारा ठरवतो, आंटोनीच्या बाबतीत जिचा आवाज आहे ती ठरवते. ती मरते त्या रात्री ते व्हायोलिनही तडकते आणि तिच्यासोबत पुरले जाते.

तरीही क्रेस्पेलला निर्दोष ठरवणे सोपे नाही. मुलीला वस्तुस्थिती सांगून तिला निवड करू दिली, हे त्याच्या बाजूने आहे. वडिलांसाठी, न गाता जगण्याचे तिने कबूल केले. पण ज्या बापाच्या डोळ्यांत आपल्या मरणाचे भय सतत दिसते, त्याच्यासमोर केलेली निवड कितपत मोकळी असते? लादलेले गाणे जसे अन्यायाचे, तसे लादलेले मौनही. मौनाचा हक्क आणि गाण्याचा हक्क हे दोन वेगळे हक्क नाहीतच. स्वतःच्या आवाजाचा लय केव्हा व्हावा हे स्वतः ठरवण्याच्या एकाच स्वातंत्र्याची ती दोन अंगे आहेत. हॉफमनची कथा या प्रश्नाचा निकाल देत नाही. गावाच्या दृष्टीने जुलमी ठरलेला माणूस प्रेमळ निघाला, एवढेच ती सांगते, आणि प्रेमळ माणसाकडूनही काय घडू शकते याचा विचार वाचकावर सोपवते.

५

आतापर्यंतच्या विवेचनावर एक गंभीर आक्षेप येतो, आणि तो व्हर्ननेच पुढे ठेवला आहे. किल्ल्यातून पळताना बॅरनने छातीशी धरलेली पेटी बंदुकीच्या गोळीने फुटते आणि तो आक्रोश करतो, किल्ला उद्ध्वस्त होतो, फ्रान्झचे भान हरपते. कादंबरी येथे संपती तर तिचा बोध सरळ झाला असता. पण फ्रान्झला घरी नेले जाते, ऑर्फानिक स्तिलाच्या गाण्याची उरलेली मुद्रिते त्याच्या स्वाधीन करतो, आणि ती ऐकता ऐकता त्याची बुद्धी ताळ्यावर येऊ लागते. जे यंत्र एकाचे व्यसन झाले तेच दुसऱ्याचे औषध होते. मग दोष यंत्राचा कसा? जाणाऱ्याचा आवाज जपून ठेवावासा वाटणे हे प्रेमाचेच लक्षण नव्हे काय?

आक्षेपातले तथ्य नाकारता येत नाही. मृतांचा आवाज ऐकण्याची ओढ एडिसनच्या १८७७ सालच्या शोधाशी सुरुवातीपासून निगडित होती. त्याच वर्षी फ्रान्समध्ये शार्ल क्रो या कवीने अशाच यंत्राची कल्पना मांडली, आणि ग्रीक भाषेतला 'प्राचीन' या अर्थाचा शब्द जोडून त्याला 'पॅलिओफोन', म्हणजे गतकाळाचा आवाज, असे नाव दिले. तरीही फ्रान्झच्या बरे होण्याने मूळ व्यवहार शुद्ध होत नाही. ही मुद्रिते स्तिलाने त्यालाही दिलेली नव्हती. चोरीची वस्तू सज्जनाच्या हाती आली म्हणून ती चोरीची राहत नाही असे नाही. फक्त तिचे देणे आता त्याच्याकडे लागते. बॅरनला आपण काही देणे लागतो हे कधी जाणवलेच नाही. फ्रान्झला ते जाणवेल काय, हे व्हर्न सांगत नाही, पण फरक पडला तर तो येथेच पडेल.

हे देणे म्हणजे काय, हे समजून घेण्यासाठी आवर्तन आणि पुनरावृत्ती यांत भेद करावा लागेल. तालाचे आवर्तन पुन्हापुन्हा येते, पण गायक दर वेळी समेवर नव्याने येतो. येताना तो चुकू शकतो, उशीर करू शकतो, ती मुद्दाम टाळू शकतो. सम साधली याचा आनंद ती हुकली असती या शक्यतेतून येतो. यंत्रातली पुनरावृत्ती हुकू शकत नाही. स्तिला यंत्रात त्याच स्वरावर थांबते, त्याच वेळी किंकाळी फोडते. तिला दुसरे काही करता येत नाही. आवर्तनात माणूस परत येतो, पुनरावृत्तीत माणसाने पूर्वी केलेले परत येते. दुसऱ्या प्रकारात माणसाचे स्वातंत्र्य गोठलेले असते, आणि ऐकणाऱ्याने ते आपल्या स्मरणात वितळते ठेवले नाही तर ते कायमचे गोठते. या आवाजाची मालकीण वेगळे गाऊ शकली असती, गप्प राहू शकली असती, हे ऐकताना न विसरणे, हे ते देणे होय.

हा भेद केवळ कल्पित कथांपुरता नाही. जयपूर-अत्रौली परंपरेचे उस्ताद अल्लादिया खाँ १९४६ साली निवर्तले. त्यांच्या स्वतःच्या गाण्याची तबकडी उपलब्ध नाही. त्यांचे गाणे शिष्यांच्या गळ्यांतून पुढे आले, आणि प्रत्येक गळ्यात थोडे वेगळे झाले. गुरूचा आवाज लय पावला आणि गायकी आवर्तनासारखी फिरत राहिली. त्यांच्याच शिष्या, गोव्यातल्या केरी गावच्या केसरबाई केरकर, यांची मात्र एक छोटी भैरवी १९७७ साली 'व्हॉयेजर' यानांवरच्या सोनेरी तबकडीत घालून अवकाशात पाठवण्यात आली. पहिले यान त्या वर्षीच्या २० ऑगस्टला निघाले, दुसरे ५ सप्टेंबरला. १६ सप्टेंबरला केसरबाई निवर्तल्या. ज्या गायकीत एका रागाला तास अपुरा पडावा, तिला जुन्या तबकडीच्या साडेतीन मिनिटांत मावून घ्यावे लागले होते. काळ येथेही वाकवला गेला. पण तबकडीपुढे गाताना काय घ्यायचे आणि काय सोडायचे हे गाणारीने ठरवले होते. त्या साडेतीन मिनिटांची आखणी तिची होती. ऑर्फानिकने जाळीआडून टिपलेल्या आवाजात आणि या आवाजात यंत्राच्या दृष्टीने फरक नाही. नैतिक दृष्टीने तो फार मोठा आहे.

६

एकोणिसाव्या शतकातल्या या कथांमध्ये वाद्य शेवटी मोडते, ही गोष्ट योगायोगाची मानता येणार नाही. व्हायोलिन तडकते, घड्याळाची कमान तुटते, पेटीला गोळी लागते, मुलांचा ऑर्गन स्वप्न ठरून विरतो. वाद्यही लय पावले पाहिजे, असा त्या कथांचा जणू अलिखित नियम आहे. काळाला वाकवले, पण तो शेवटी सरळ झाला, हा दिलासा त्यांतून मिळतो.

आदोल्फो बियॉय कासारेस या अर्जेंटिनी लेखकाच्या १९४० सालच्या 'मोरेलचा शोध' या कादंबरीत हा दिलासा नाही. मोरेल एका बेटावर आपल्या स्नेह्यांना बोलावतो आणि त्यांचा एक आठवडा सर्व इंद्रियांना जाणवेल असा यंत्राने टिपून घेतो. टिपले जात असताना त्यांना त्याची कल्पना नसते. ते तो मागाहून सांगतो. टिपलेली माणसे मरतात, आणि त्यांचा आठवडा पुन्हापुन्हा घडत राहतो : तीच संभाषणे, ग्रामोफोनवरची तीच गाणी, तेच नृत्य. यंत्र समुद्राच्या भरतीओहोटीवर चालते, त्यामुळे ते बंद पडण्याचे काही कारण नाही. मोरेलने स्वतःलाही टिपून घेतले आहे. झाकारियसप्रमाणे तो स्वतःचे आयुष्य देतो आणि ऑर्फानिकप्रमाणे दुसऱ्यांचे घेतो. स्वतः किंमत मोजली म्हणजे दुसऱ्याची किंमत मोजण्याचा अधिकार मिळतो, हा त्याचा युक्तिवाद आत्मबलिदानाच्या साऱ्या विचारसरणींमध्ये लपलेला असतो, आणि तो खोटा आहे.

बेटावर लपून राहिलेला फरारी निवेदक त्या प्रतिमांपैकी फॉस्टिनच्या प्रेमात पडतो. ती त्याला पाहू शकत नाही. तिच्या आठवड्यात तो नाही. शेवटी तो यंत्र चालवावयास शिकतो आणि स्वतःला तिच्या शेजारी अशा बेताने टिपून घेतो, की पुढे कोणी पाहिले तर ते दोघे एकमेकांशी बोलत आहेत असे वाटावे. फ्रान्झ आणि बॅरन यांच्यातली सीमारेषा येथे पुसली गेली आहे. प्रियकर आणि लुटारू एकच झाले आहेत. पण मरता मरता तो एक विनंती लिहून ठेवतो : विखुरलेल्या जाणिवा एकत्र आणील असे यंत्र पुढे कोणी शोधलेच, तर त्याने आपल्याला फॉस्टिनच्या जाणिवेत प्रवेश करू द्यावा.

ही विनंती बारकाईने वाचावयास हवी. तिच्या शेजारी उभे राहण्यासाठी त्याने कोणाची परवानगी मागितली नव्हती. अखेरच्या ओळींत तो प्रथमच मागणे करतो. आपल्याजवळ तिचा आवाज आहे, हालचाल आहे, प्रत्येक संध्याकाळ आहे, आणि तरीही ती नाही, हे त्याला उमगले आहे. जी कधी 'नाही' म्हणू शकत नाही तिचे 'हो' त्याला मिळणे शक्य नाही. मात्र ती विनंती फॉस्टिनला उद्देशून नाही. ती पुढच्या कोणा शोधकाला केलेली आहे. परवानगी मागावयास शिकलेला माणूस चुकीच्या दारात उभा आहे, आणि ज्या दारात उभे राहावयास हवे होते ते त्याने व मोरेलने मिळून कायमचे बंद केले आहे. आत दर आठवड्याला तेच गाणे लागते.